असाकुसाच्या जिन्यावर

“आजोबा, ओळखा मी कुठे आहे!”

योगेशने फोन वडिलांसमोर, यादवरावांसमोर धरला. पडद्यावर मृणाल हसत होती. तिच्या मागे जमिनीखाली उतरणारा जिना होता आणि जिन्यावर देवळासारखं लाल छप्पर. टोकियोचं असाकुसा स्टेशन. जपानमधली सगळ्यात जुनी भुयारी रेल्वे इथूनच सुटते. यादवराव तरुण इंजिनिअर असताना भुयारांचं काम शिकायला टोकियोला गेले होते आणि चांगली चार वर्षं तिथे राहिले होते. शोभाताई तेव्हा तान्ह्या योगेशला घेऊन नागपुरातच होत्या. आता दोघं योगेशकडे कॅनडात, कोक्विटलामला राहत होते, आणि नात कॉलेजच्या एका टर्मसाठी नुकतीच जपानला पोचली होती. इथे संध्याकाळ, तिथे दुसऱ्या दिवसाची सकाळ.

यादवरावांनी पडद्याकडे टक लावून पाहिलं. मग त्यांच्या वाकड्या ओठांतून आवाज निघाले. जड, एकमेकांत अडकलेले.

“बाबा, शांत. ताण नका घेऊ,” योगेश म्हणाला. “मृणाल, जस्ट शो हिम अराउंड. त्यांना बोलता येत नाही, यू नो दॅट.”

स्ट्रोक येऊन वर्ष होत आलं होतं. आज दुपारीच स्पीच थेरपिस्ट येऊन गेली होती. प्रगती काही नाही, पुढच्या आठवड्यापासून आपलं येणं बंद, असं तिने सांगितलं. बाई मनाने चांगली होती. ती चित्रं दाखवून इंग्रजीत विचारायची, शोभाताईंना मराठीत विचारायला लावायची, आणि दर वेळी यादवराव तसेच काहीतरी आवाज काढायचे. अशा आवाजांना अर्थ नसतो, मेंदूच तसा झालाय, हे तिने समजुतीच्या सुरात सांगितलं. पण सांगितलं त्यांच्या समोरच. तेव्हा यादवरावांनी खुर्चीच्या हातावर मूठ आपटली होती. ती मूठ दुपारपासून शोभाताईंच्या डोळ्यांसमोरून हलत नव्हती. ज्याला कळत नाही तो मूठ कशाला आपटेल?

यादवराव पुन्हा बोलले. या वेळी मोठ्याने.

मृणालच्या मागे तिची घरमालकीण उभी होती, क्योकोसान नावाची वयस्कर बाई. ती झटकन वळली. फोनजवळ आली आणि तिने काहीतरी विचारलं. यादवरावांनी उत्तर दिलं. तिने आणखी विचारलं. त्यांनी आणखी उत्तर दिलं. आणि ती बाई भर फुटपाथवर अदबीने कमरेतून वाकली.

“काय झालं गं?” योगेशने विचारलं.

मृणालने क्योकोसानचं तोडकंमोडकं इंग्रजी ऐकून घेतलं. तिचा आवाज बदलला.

“डॅड, ही इज स्पीकिंग जॅपनीज.”

योगेशने फोनचा आवाज वाढवला.

“ती म्हणते, जीभ जड आहे, पण वाक्यं अगदी बरोबर आहेत. ते विचारतायत, जिन्याखालचं नूडल्सचं दुकान अजून आहे का?”

शोभाताईंनी खुर्चीची पाठ घट्ट धरली. “अगं, तिला विचार, ‘मिझु’ म्हणजे काय? मिझु, मिझु म्हणतात सारखं.”

“वॉटर, आजी. पाणी.”

वर्षभर त्यांनी मिझु म्हटलं की शोभाताई कधी रिमोट आणून द्यायच्या, कधी पायावर पांघरूण घालायच्या. जिभेवरून मराठी गेली होती, इंग्रजी गेली होती. राहिली होती ती तरुणपणी परक्या मुलखात, एकट्याने शिकलेली भाषा. आणि ती ऐकणारं घरात कुणी नव्हतं.

यादवराव आता थांबायला तयार नव्हते. फोन त्यांनी चांगल्या हातात घेतला. क्योकोसानच्या मार्फत त्यांनी नातीला आधी खाली पाठवलं, स्टेशनलगतच्या बुटक्या छताच्या बाजारात, जिथे डोक्यावरून पाइप जातात. दुकान बंद होतं, पण पाटी होती. ती पाहून ते हसले. ओठ एकाच बाजूने हसले, तरी हसले. मग तिला वर आणून तिथल्या बौद्ध देवळाच्या, मोठ्या लाल कंदिलाच्या वेशीपाशी नेलं. सगळे समोरून फोटो काढतात, तू कंदिलाच्या खाली जाऊन वर बघ, असं त्यांनी सांगितलं. मृणालने पाहिलं. तळाशी लाकडात कोरलेला ड्रॅगन होता. ती किंचाळलीच. क्योकोसान म्हणाली, मी इथेच वाढले, पण मला हे कुणी दाखवलं नव्हतं.

पुढे दुकानांची गल्ली, धुपाचं मोठं भांडं, पाच मजली पॅगोडा. देवळाच्या पायऱ्यांशी यादवरावांनी एक हात छातीशी नेला आणि मान लववली.

योगेश दुसऱ्या फोनवर थेरपिस्टसाठी निरोप ठेवत होता. “माय फादर इज टॉकिंग,” तो म्हणत होता. “नो, नो, ही वॉज ऑलवेज टॉकिंग. जपानी येणारं कुणीतरी पाठवा, प्लीज.” त्याला हसूही आवरत नव्हतं आणि डोळ्यांतलं पाणीही.

जेवायची वेळ टळून गेली होती. शोभाताईंनी मऊ भाताची वाटी आणली, चमचा भरून पुढे केला. यादवरावांनी तो हळूच बाजूला सारला आणि तेच काहीतरी पुटपुटले. हे रोजचंच होतं. तीनदा सारायचे, पुटपुटायचे, मग हरल्यासारखं तोंड उघडायचे. आपल्या हातचं त्यांना नको असतं, असंच शोभाताई समजून चालल्या होत्या.

आज त्यांनी चमचा खाली ठेवला. फोन जवळ ओढला.

“मृणाल, तिला विचार, आत्ता काय म्हणाले हे?”

देवळाच्या पायरीवर क्योकोसानने यादवरावांना पुन्हा एकदा बोलायला लावलं, नीट ऐकलं आणि मृणालकडे वळून सांगितलं.

“आजी,” मृणाल म्हणाली, “ते म्हणतायत, आधी तू जेव.”