लांडगिणीची धाप

वन्यजीवांवरच्या फिल्मचा कॅमेरा प्राण्यापासून अर्धा किलोमीटर लांब असतो. चित्र मिळतं, आवाज मिळत नाही. तो मी खोलीत बसून बनवते. गवतातली पावलं म्हणजे कॅसेटची चुरगळलेली टेप, मोडणारं हाड म्हणजे गाजर. लोकांना पत्ताही लागत नाही.

यंदा एका मरायला टेकलेल्या लांडगिणीची धाप हवी होती. स्वतः धापा टाकून पाहिल्या, नवऱ्याला चार वेळा जिना चढायला लावला. सगळं नाटकी वाटत होतं. शेवटी एका दुपारी सोफ्यावर झोपलेल्या आईच्या छातीशी माईक धरला. पहिल्याच टेकमध्ये काम झालं. आत बारीक शिट्टी, मध्येच अडकून पुन्हा सुटणारा श्वास. दिग्दर्शक जाम खूश. "एवढा खरा आवाज आणलास कुठून?" मी नुसती हसले. तो तुकडा महिनाभर हेडफोन लावून शंभरदा तरी ऐकला असेन.

फिल्म टीव्हीवर लागली तेव्हा आईला कौतुकाने शेजारी बसवलं. लांडगीण खडकाच्या आडोशाला आडवी झाली आणि धाप सुरू झाली. आई पुढे सरकली.

"अगं बाई, किती दम लागलाय हिला! आणि तुझी ती माणसं नुसती शूटिंग करत बसली?"

"ती खूप लांब होती, आई."

"लांब असली म्हणून काय झालं? एवढं ऐकू तर येत होतं ना?"