कासोंगोचा पासपोर्ट

कांगोचा कासोंगो पाच सीझन दुबईच्या त्या फुटबॉल क्लबचा बचाव सांभाळत होता. दोनदा नाक फुटलं, गुडघ्याचं ऑपरेशन झालं, पण त्याने कधी कुरकुर केली नाही. त्या मंगळवारी सकाळी मात्र तो मॅनेजरसमोर हात जोडून उभा होता.

“आई गेली. माझा पासपोर्ट द्या. मला तिला माती द्यायला पोचायचंय.”

“शुक्रवारी फायनल आहे, हबीबी. मॅच झाली की जा.”

“तोवर तिला पुरतील.”

“खलास! विषय संपला,” म्हणत मॅनेजर मैदानावर निघून गेला.

सगळ्यांचे पासपोर्ट ठेवलेल्या कपाटाची किल्ली ऑफिस सांभाळणाऱ्या कुंदाकडे असे. तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तिने कपाट उघडून कासोंगोचा पासपोर्ट त्याच्या हातात ठेवला. “आत्ताच्या आत्ता एअरपोर्ट गाठ.”

दुपारी मॅनेजर आला तो थयथयाट करतच. “कुणाला विचारून दिलास?”

“त्याचा होता, त्याला दिला.”

“मग तूही उद्यापासून येऊ नकोस!”

“नाहीच येणार,” कुंदा म्हणाली. तिने कपाटातून आणखी एक पासपोर्ट काढून पर्समध्ये टाकला. तिचे बाबा पुण्यात वारले, तेव्हा याच मॅनेजरने ‘ऑडिट संपू दे’ म्हटलं होतं, आणि किल्ली हातात असूनही तिने स्वतःचा पासपोर्ट मुकाट्याने तिथेच राहू दिला होता.