दुसऱ्या फोनवर

सिद्धम्मानं फुगलेल्या बॅटरीचा फोन गुरुराजच्या काउंटरवर ठेवला.

"बॅटरी बदल बाबा, पण बसूचा गेम जाऊ देऊ नगं. पोराचं तेवढंच राहिलंय."

बसूला जाऊन महिना झाला होता. लिंगायत रीतीनं त्याला मातीत बसवून पुरताना गुरुराजही तिथं होता.

बॅटरी काढायच्या आधी गेम नीट सेव्ह झालाय का, हे बघायला त्यानं तो उघडला. जमीन खणत खाली खाली जायचं, एवढाच तो खेळ. पडद्यावर सूचना आली: 'हा गेम सध्या दुसऱ्या फोनवर सुरू आहे.'

"मावशी, त्याचा दुसरा फोन कुणाकडं हाय?"

"जुना व्हय? त्याच्याजवळच हाय की. मातीला न्हेलं तवा मीच त्याच्या मांडीवर ठेवला. लई जीव होता त्याचा त्या गेमवर."

त्या फोनचं चार्जिंग तर केव्हाच संपलं असणार.

गुरुराजनं सूचना बाजूला सारली. काळ्या मातीत एक छोटा माणूस भराभर खणत होता.

"कुटवर पोचलाय रे माझा बसू?" सिद्धम्मानं कौतुकानं विचारलं.

गुरुराजनं पडद्यात निरखून पाहिलं. तो माणूस खाली जात नव्हता. तो वर येत होता, आणि डोक्यावर आता मातीचा एकच थर उरला होता.