बँकेपुरतं कुंकू

बँकेच्या अलीकडच्या बोळात उषाबाईंनी पिशवीतून टिकल्यांचं पाकीट काढलं, तशी आकांक्षानं मान फिरवली.

"आजच्या दिवस," उषाबाई म्हणाल्या. "घराचे कागदं हाती पडले की संपलं."

"लाव ना. मी काही म्हणून राह्यले का?"

लेक सकाळच्या बसनं लेकराला घेऊन अंकुशनगरहून आली होती. कागद तिच्याच हातात द्यायचे, असा आईचा हट्ट होता.

उषाबाईंनी लाल टिकली लावली. काळी पोत गळ्यात घातली आणि पदरावर दिसेल अशी ओढून घेतली. दर महिन्याला हप्ता भरायला येताना त्या हेच करत, आणि परत जाताना याच बोळात दोन्ही उतरवून ठेवत. शेजारच्या बेबीनंदानं एकदा पाहिलं आणि गल्लीभर केलं. नवरा मरून वर्ष झालं नाही तोवर बाई नटून कुठं जाते, याची चर्चा मग बायकांना पुष्कळ दिवस पुरली. उषाबाईंनी कुणाला काही सांगितलं नाही. सांगण्यासारखं नव्हतंच ते.

नवरा, भुजंग, सळ्यांच्या कारखान्यात होता. घर त्याच्या नावावर, कर्जही त्याच्याच. वाटूर फाट्यावर ट्रकनं त्याला उडवलं तेव्हा घराच्या भिंतींना रंगसुद्धा लागला नव्हता. तेरवीच्या आधीच दीर, रामराव, कानाशी येऊन बसला.

"वहिनी, बँकेला कळू देऊ नका. आमच्या गावातला संपत मेला, तर फायनान्सवाल्यांनी तेरवीच्या आत ट्रॅक्टर ओढून नेला. तुमी गुमान हप्ता भरीत राहा. कोण इचारतंय?"

सल्ला द्यायला रामरावचं काय जात होतं? हप्ता भरायच्या वेळी तो पुन्हा कधी फिरकला नाही.

तेव्हापासून भुजंग बँकेपुरता जिवंत राहिला. कधी पुण्याला कामाला, कधी सुरतेला. खिडकीवरचा अजमत दर वेळी विचारी, "भुजंगभाऊ बरे हैत ना?" आणि उषाबाई म्हणत, "बरे हैत." अजमत भला माणूस होता. पैसे मोजून घ्यायचा आणि पावती समजावून सांगायचा. म्हणून तर उषाबाईंना त्याची जास्त भीती वाटे. कधीतरी त्याच्यापाशी आपल्याला रडू येईल आणि सगळं तोंडातून निघून जाईल, असं त्यांना वाटायचं. त्या पुढं पुढं बोलणंच टाळू लागल्या.

बियाण्याच्या कंपनीत त्यांनी पाकिटं भरली, सुटीच्या दिवशी लोकांच्या घरी शेवया केल्या. पाटल्या गेल्या, कानातलं गेलं. घेतलं तेवढं तर कधीच फेडून झालं होतं, पण व्याज मध्येच वाढे आणि हप्त्यांची शेपूट आणखी लांबे. तरी हप्ता चुकला नाही.

आकांक्षाचा बारावीनंतर नर्सिंगला नंबर लागला होता. फी आणि हप्ता एकाच आठवड्यात येऊन उभे राहिले. उषाबाईंनी हप्ता भरला. पोरगी भांडली, रडली, मग गप्प झाली आणि आलेल्या पहिल्याच स्थळाला हो म्हणाली. ते गप्प होणं उषाबाईंना अजून सोसत नव्हतं. आज कागद हातात दिले की ती आपल्याला माफ करील, एवढ्या एका आशेवर त्या इथवर आल्या होत्या.

कर्जाच्या टेबलावर राजनंदिनी मॅडम नव्यानं आल्या होत्या. त्यांनी संगणकात पाहिलं.

"झालं की सगळं. एकही हप्ता चुकलेला नाही. पण मूळ कागद ज्यांच्या नावावर कर्ज आहे, त्यांच्याच हातात देता येतात. मिस्टरांना घेऊन या."

"ते सुरतेला हैत."

"मग आले की या."

"ते न्हाई येणार," आकांक्षा म्हणाली. उषाबाईंनी तिचा दंड धरला, पण तिनं हात सोडवून घेतला. "आई, कर्ज फिटलंय. आता काय नेणारेत हे लोकं?"

खरंच होतं. उषाबाईंनी कपाळावरची टिकली काढून टेबलाच्या कडेला लावली.

"मालक वारलेत, मॅडम."

"अरे देवा. कधी?"

"ही नववीत होती तवा."

राजनंदिनी मॅडमनी आकांक्षाकडं पाहिलं. नववीतली ती पोरगी आता कडेवर पोर घेऊन उभी होती.

"मग इतकी वर्षं हप्ते कोण भरत होतं?"

"मीच." उषाबाईंची मान आपोआप ताठ झाली. "तुमाला कळलं असतं तर घर नेलं असतं तुमी. म्हणून न्हाई सांगितलं."

मॅडमनी पुन्हा संगणकात डोकं घातलं. मग कपाटातून फाइल मागवली, ती चाळली आणि मिटून ठेवली. आता दंड सांगणार, या धास्तीनं उषाबाईंनी पोत मुठीत धरली.

"बाई, या कर्जाला भुजंगरावांच्या जिवाचा विमा जोडलेला होता," मॅडम हळू आवाजात म्हणाल्या. "कर्ज देतानाच काढलेला. तुम्ही मृत्यूचा दाखला आणून दिला असता, तर राहिलेलं सगळं विमा कंपनीनं भरलं असतं. आता इतक्या वर्षांनी काय होईल, ते मला वर विचारावं लागेल."

उषाबाईंना नीट उमगलं नाही. "आन घर?"

"घर तुमचंच राहिलं असतं."

आकांक्षानं पोर दुसऱ्या कडेवर घेतलं. आईकडं न पाहता तिनं विचारलं, "मॅडम, म्हणजे मी बारावी झाले तवा किती कर्ज बाकी राह्यलं असतं?"

"काहीच नाही," राजनंदिनी मॅडम म्हणाल्या.