मूठ झाकूनच

बहात्तरच्या दुष्काळात इंदोऱ्यातल्या एका गल्लीनं बुद्धविहारात धान्याची कोठी उभी केली. उपाशी घरानं तिथून खुशाल न्यावं, असं ठरलं होतं. पण न्यायला जाताना कधी कुणी दिसत नसे. कोठीसाठी बायजाबाई रोज झोळी घेऊन दारोदार फिरायच्या. घरटी मूठभर जवारी. मूठ झाकूनच झोळीत घालायची आणि झाकूनच बाहेर काढायची, ही तिथली रीत. का, ते नव्या सुनेला, प्रेमिलाला, कुणी सांगितलं नव्हतं.

आज तिच्या डब्यात दाणा नव्हता. सकाळपासून ती चुलीपासून दारापर्यंत नुसत्या येरझारा घालत होती. आपल्याच घरची मूठ चुकली तर गल्लीत तोंड कसं दाखवायचं? बायजाबाईंची हाक आली तशी तिनं रिकामी मूठ झोळीत खुपसली आणि संशय नको म्हणून तळहात चांगला उघडा करून बाहेर काढला.

बायजाबाईंनी तिचं मनगट धरलं. "उघडी काहून काढली वं?"

"टाकली ना मावशी, जवारी..." प्रेमिला मनगट सोडवू लागली.

बायजाबाईंनी इकडंतिकडं पाहिलं, तिचा हात पुन्हा झोळीत घातला आणि हळूच म्हणाल्या,


"भरून घे अन् झाकून काढ, पोरी. अर्धी गल्ली तशीच काढून राहिली."