आठवा ठोका

आमच्या नगराचा काळ चार पुरातन दगडी खांबांनी धरून ठेवला आहे. त्यांतल्या पूर्वेच्या खांबाची राखण पिढ्यान्‌पिढ्या आमच्या घरातल्या बायकांकडे आहे. रोज सकाळी बुंध्याची लाकडी पाचर सात ठोके देऊन घट्ट करायची, म्हणजे सरलेले दिवस आजच्या दिवसात शिरत नाहीत. माझी आई मात्र कधी कधी आठवा ठोका द्यायची. का, ते तिने शेवटपर्यंत सांगितले नाही.

हल्ली हातोडा सूनबाईच्या हाती असतो. परवा ती म्हणाली, "सासूबाई, मी सातच मारते. मग आठवा कोण मारतं?"

"कान तपासून घे," मी म्हणाले. माझ्या घरात उलट प्रश्न विचारण्याची मुभा मी कोणाला देत नाही.

पण तो ठोका मी ओळखला होता. आई डावरी होती. तिचा घाव किंचित तिरका बसे आणि दबका वाजे. साठ वर्षांनी तो ऐकला आणि माझे चित्त थाऱ्यावर राहिले नाही. आज सूनबाईला घरीच बसवून मी एकटी गेले, आणि जन्मभर जपलेली ती पाचर स्वतःच्या हातांनी दोन बोटे सैल केली.

फटीतून तेलाचा आणि ओल्या लाकडाचा वास आला. आईच्या हातांना तोच वास येई.

"आई," मी हाक मारली.

"आई, ती म्हातारी आज रडते आहे," पलीकडून एक लहान मुलगी म्हणाली. तो आवाज माझाच होता.

"तिकडे बघू नकोस," आई म्हणाली, आणि तिने हातोडा उचलला.