शिळी नजर

हैबती गोजराच्या अंगणात येऊन ठेपला, पण मान काही वर होईना. हातातला नारळ घामाने निसटत होता. आज कौलाचा दिवस. मागणी घातलेल्या मुलीने आपलं दार रंगवायचं. होकार असेल तर पिवळं, नकार असेल तर निळं. निळं दार वाजवणाऱ्याची गावभर धिंड निघे.

आणि हैबतीला होती शिळी नजर. प्रत्येक वस्तूचा त्याला कालचाच रंग दिसे. हे दुखणं त्याने जन्मभर लपवलं होतं. तिने पहाटे काहीही रंगवलं असो, त्याला दिसणार कालचं कोरं लाकूड! कुणाला विचारावं, तर बिंग फुटणार. माघारी फिरावं, तर गोजरा हातची जाणार.

शेवटी त्याने डोळे उचललेच. दार पिवळंधमक होतं.

तो चक्रावून उभा असतानाच दार उघडलं.

“पिकला आंबा हिरवा म्हणून परत दिलास ना, तेव्हाच ओळखलं मी,” गोजरा म्हणाली. “कालपासून अख्खं गाव हसतंय, पोरीला भारीच घाई झालीय म्हणून. पण तुला आज दिसायचं, तर कालच रंगवायला हवं होतं ना!”